कोर्ला पंडित: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कोर्ला पंडित कोण होता?

अमेरिकेत टेलिव्हिजन नुकताच घराघरांत शिरत होता, त्या काळातला लॉस एंजेलिसचा ऑर्गनवादक. १९४९ साली तिथल्या केटीएलए वाहिनीवर ‘अ‍ॅडव्हेंचर्स इन म्युझिक’ नावाचा त्याचा पंधरा मिनिटांचा कार्यक्रम सुरू झाला. डोक्यावर फेटा, फेट्याच्या मधोमध चमकणारं रत्न, समोर हॅमंड ऑर्गन, बाजूला पियानो. कधी एक हात ऑर्गनवर आणि दुसरा पियानोवर. तो कॅमेऱ्याकडे एकटक पाहत वाजवायचा आणि संपूर्ण कार्यक्रमात एक शब्दही बोलायचा नाही. असे सुमारे ९०० कार्यक्रम झाले. दक्षिण कॅलिफोर्नियातल्या दुपारच्या प्रेक्षकांत, विशेषतः गृहिणींत, तो अतिशय लोकप्रिय होता.

आज अमेरिकेतही त्याचं नाव फार थोड्यांना आठवतं. आपल्याकडे तर जवळजवळ कुणालाच नाही. खरं तर त्याची गोष्ट आपल्याशी एका विचित्र धाग्यानं जोडलेली आहे.

आडनाव ‘पंडित’ आहे. मग तो मराठी होता का? किंवा काश्मिरी?

दोन्ही नाही. तो भारतीयच नव्हता.

तो सांगायचा त्या कहाणीप्रमाणे त्याचा जन्म नवी दिल्लीत झाला, वडील ब्राह्मण, आई फ्रेंच ऑपेरा गायिका, आणि लहानपणीच तो इंग्लंडमार्गे अमेरिकेत आला. ही कहाणी पूर्णपणे रचलेली होती. आपल्याकडच्या कुणी जरा विचारपूस केली असती तर ती लगेच उसवली असती. दिल्लीच्या ब्राह्मण घरातला मुलगा संस्थानिकासारखा रत्नजडित फेटा घालून का वावरेल? आणि त्याचा जन्म १९२१चा. तेव्हा नवी दिल्लीचं बांधकाम चालू होतं, उद्घाटन व्हायला अजून दहा वर्षं होती. पण हे विचारणारं लॉस एंजेलिसमध्ये तेव्हा कोण होतं?

मग तो खरा कोण?

जॉन रोलँड रेड. जन्म १६ सप्टेंबर १९२१, मिसूरी राज्यातलं सेंट लुइस शहर. कृष्णवर्णीय अमेरिकन कुटुंब. वडील बॅप्टिस्ट चर्चचे पाद्री. घरात सात भावंडं आणि सगळ्यांना संगीताचा कान. वडिलांच्या बदल्यांमुळे कुटुंब हॅनिबलला आणि मग कोलंबिया या गावी राहिलं. मिसूरीत त्या काळी कृष्णवर्णीय आणि गोऱ्या मुलांच्या शाळा कायद्यानंच वेगळ्या होत्या.

त्याचा भाऊ अर्नेस्ट ‘स्पेक’ रेड पुढे आयोवा राज्यातल्या दे मॉइन शहरात जॅझ पियानोवादक म्हणून नावारूपाला आला, स्वतःच्या खऱ्या नावानं. बहीण फ्रान्सिस रेड लॉस एंजेलिसला गेली आणि १९३९ साली ‘मिडनाइट शॅडो’ या चित्रपटात तिनं काम केलं. सगळे कलाकार कृष्णवर्णीय असलेल्या चित्रपटांपैकी तो एक. त्यात फेटा बांधलेला, लोकांच्या मनातलं ओळखणारा एक ‘प्रिन्स’ आहे. जॉन त्याच सुमारास बहिणींच्या मागोमाग लॉस एंजेलिसला पोचला. तो चित्रपट पाहून त्याला कल्पना सुचली असं ठामपणे म्हणता येणार नाही, पण फेट्याची जादू त्याच्या घरातच पडद्यावर येऊन गेली होती.

‘कोर्ला’ या नावाचा अर्थ काय?

काहीच नाही. कुठल्याही भारतीय भाषेतलं हे नाव नाही, कानाला परदेशी वाटेल असं जुळवलेलं आहे. मराठी माणसाला ते वाचताना ‘कोरला’ हे क्रियापद आठवतं, आणि मला तरी तो योगायोग सोडवत नाही. या माणसानं खरोखरच स्वतःला नव्यानं कोरलं होतं.

‘पंडित’ या शब्दाची गोष्ट थोडी वेगळी. विजयालक्ष्मी पंडित १९४६पासून संयुक्त राष्ट्रांत भारताच्या शिष्टमंडळाचं नेतृत्व करत होत्या आणि १९४९ ते १९५१ या काळात वॉशिंग्टनमध्ये भारताच्या राजदूत होत्या. त्यांचं हे आडनाव सासरचं. पती रणजित सीताराम पंडित मूळच्या कोकणातल्या मराठी घराण्यातले, ‘राजतरंगिणी’चं इंग्रजी भाषांतर करणारे. म्हणजे ज्या वर्षी कोर्ला टीव्हीवर आला, त्याच वर्षी अमेरिकी वर्तमानपत्रांत एक मराठी आडनाव ‘भारत’ या अर्थानं छापून येत होतं. कोर्लानं ते तिथूनच उचललं असा दावा मी करत नाही. पण अमेरिकन प्रेक्षकाला हे आडनाव अगदीच अनोळखी नव्हतं.

एवढा कुशल वादक, मग ओळख बदलायची गरज काय होती?

या प्रश्नाचं उत्तर त्या शहराच्या नियमांत आहे.

लॉस एंजेलिसमध्ये वादकांच्या संघटनेच्या दोन शाखा होत्या. लोकल ४७ गोऱ्यांची, लोकल ७६७ कृष्णवर्णीयांची. चांगल्या पगाराची कामं, म्हणजे रेडिओ, चित्रपटांचे स्टुडिओ, मोठी हॉटेलं, ही बहुतेक सगळी लोकल ४७च्या सभासदांकडे जायची. दोन्ही शाखा एक झाल्या त्या १९५३ साली. त्याआधी कृष्णवर्णीय वादक कितीही तयारीचा असला तरी त्याच्यासाठी ठरावीक दारं बंदच असत.

जॉन रेडचा रंग उजळ, केस सरळ. १९४०च्या दशकाच्या सुरुवातीला तो आधी ‘हुआन रोलांडो’ झाला. मेक्सिकन वाटेल असं नाव. या नावावर त्याला गोऱ्यांच्या संघटनेत जागा मिळाली आणि रेडिओवर काम मिळालं. कोर्ला पंडित हा त्याच्या पुढचा टप्पा.

भारतीयच का, याचं कारण मला असं दिसतं. मेक्सिकन माणूस लॉस एंजेलिसच्या गल्लोगल्ली होता. तिथं खरं-खोटं पारखायला हजारो लोक होते, आणि मेक्सिकन असणंही काही मानाचं मानलं जात नव्हतं. भारतीय मात्र जवळजवळ नव्हतेच. १९२३ साली भगतसिंग थिंड यांच्या खटल्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं भारतीयांना नागरिकत्व नाकारलं होतं. १९४६ साली कायदा बदलला, पण तोही वर्षाला फक्त १०० भारतीयांना प्रवेश देणारा. त्यामुळे अमेरिकन लोकांच्या मनातला भारतीय हा शेजारी नव्हता. तो गोष्टीतला, सर्कशीतला, जादूच्या खेळातला होता. त्याला कोणत्या नळावर पाणी प्यायचं हे सांगणारा नियम नव्हता.

हे एकट्या कोर्लाचं डोकं नव्हतं. १९४७ साली जेसी रूटे नावाचे न्यूयॉर्कचे कृष्णवर्णीय पाद्री अलाबामातल्या मोबिल शहरी फेटा बांधून गेले. आधीच्या भेटीत जिथं अपमान वाट्याला आला होता, तिथंच यावेळी त्यांना आदरानं वागवलं गेलं. माणूस तोच होता, फरक काही हात कापडाचा. रूटे यांनी परत येऊन हे जगाला सांगितलं. कोर्लाला मात्र ते कधीच सांगता आलं नाही, कारण त्याला परत यायचं नव्हतं.

ही सगळी कल्पना त्याच्या एकट्याची होती का?

नाही, त्याच्या बायकोचाही त्यात मोठा वाटा होता. बेरिल डीबीसन डिस्नीच्या स्टुडिओत एअरब्रशचं काम करणारी चित्रकार, गोरी. १९४४ साली दोघांनी सीमा ओलांडून मेक्सिकोतल्या तिहुआना शहरात लग्न केलं, कारण कॅलिफोर्नियात कृष्णवर्णीय आणि गोऱ्यांमधल्या विवाहाला कायद्यानं बंदी होती. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयानं ही बंदी रद्द केली ती ऑक्टोबर १९४८मध्ये.

पोशाख, रंगभूषा, प्रकाशयोजना, डोळ्यांभोवतीचं काजळ, कॅमेऱ्यासमोर बसण्याची ढब, यावर बेरिलची चित्रकाराची नजर होती. कोर्ला पंडित हे या दोघांनी मिळून केलेलं काम आहे, असंच मी म्हणेन. आणि त्या घरासाठी ती नुसती हौस नव्हती, संसाराचं संरक्षण होतं.

तो टेलिव्हिजनवर कसा आला?

आधी रेडिओ. १९४८ साली ‘चंदू द मॅजिशियन’ ही जुनी रेडिओमालिका पुन्हा सुरू झाली. पूर्वेकडच्या गूढ विद्या शिकून आलेल्या अमेरिकन जादूगाराची गोष्ट. तिच्यामागे ऑर्गनवर घुमणारं वातावरण कोर्लाचं होतं. रेडिओवर चेहरा दिसत नाही, पण ‘पूर्वेचा सूर’ म्हणून त्याच्या नावाला वजन आलं ते इथं.

मग क्लाउस लँड्सबर्ग. जर्मनीत जन्मलेला हा तंत्रज्ञ १९३६च्या बर्लिन ऑलिंपिकच्या दूरचित्र-प्रक्षेपणात सहभागी होता, आणि जानेवारी १९४७मध्ये सुरू झालेली केटीएलए त्यानंच उभी केली. मिसिसिपी नदीच्या पश्चिमेकडची ही पहिली व्यावसायिक वाहिनी. हॉलिवूडमधल्या एका रेस्टॉरंटमध्ये फरच्या कपड्यांचा फॅशन शो चालू असताना लँड्सबर्गनं कोर्लाला वाजवताना पाहिलं आणि स्वतंत्र कार्यक्रम देऊ केला. अट एवढीच की ‘टाइम फॉर बीनी’ या बॉब क्लॅम्पेटच्या बाहुल्यांच्या मालिकेलाही त्यानं साथ द्यायची. म्हणजे फेटेवाला गूढ कोर्ला रोज पडद्याआड बसून बाहुल्यांच्या धावपळीला आणि धडपडीला सूर पुरवत होता. वादक म्हणून त्याचा आवाका किती होता हे मला या कामातून जास्त कळतं.

कार्यक्रमात नेमकं काय असायचं? आणि तो बोलत का नसे?

कार्यक्रम थेट प्रक्षेपित व्हायचा. सुरुवातीला निवेदकाचा आवाज, मग कॅमेरा हळूहळू चेहऱ्याजवळ. कोर्ला मान किंचित झुकवून वर पाहतो, ओठांवर हलकं हसू, पापणी लवत नाही. बोटं मात्र एका क्षणासाठीही थांबत नाहीत. कधी नर्तक-नर्तिका असत, पण कॅमेरा पुन्हा डोळ्यांकडे येई.

तेव्हाचा टीव्ही कसा होता हे लक्षात घेतलं तर या नजरेची ताकद कळते. पडदा लहान, चित्र काळं-पांढरं आणि धूसर. दूरचं दृश्य त्यात विरघळून जाई, जवळचा चेहरा मात्र उठून दिसे. नाटकात नट सभागृहाकडे पाहतो, चित्रपटात तर कॅमेऱ्याकडे पाहायचंच नाही असा दंडक. टीव्ही घरात होता. आणि घरात बसलेल्या एका माणसाच्या डोळ्यांत थेट पाहायचं, हे कोर्लाला पहिल्याच वर्षात उमगलं होतं.

आणि मौन. निर्मात्यांच्या दृष्टीनं मौनामुळे गूढता वाढत होती. पण त्याच्या बाजूनं पाहिलं की दुसरंच काही दिसतं. बोलण्यात माणसाचं गाव असतं. मिसूरीच्या पाद्र्याच्या मुलाच्या तोंडून एखादा स्वर, एखादी लकब निसटली असती तर? रेडिओच्या जमान्यात ज्याला आवाजावरून ओळखलं गेलं असतं, त्याला टीव्हीनं न बोलता पोट भरायची सोय करून दिली. ज्या माध्यमात पुढे सगळेच अखंड बोलू लागले, त्यात त्यानं ९०० वेळा गप्प बसून लोकांना बांधून ठेवलं. मला हे त्याचं सर्वांत मोठं कर्तृत्व वाटतं, आणि त्याची शिक्षाही.

त्याचं संगीत भारतीय होतं का?

अजिबात नाही. राग नाही, ताल नाही, आलाप नाही. त्याच्या वादनात ‘मिसिर्लू’ ही पूर्व भूमध्य समुद्राकाठची धून होती, रिम्स्की-कोर्साकोव्ह या रशियन संगीतकाराचं ‘साँग ऑफ इंडिया’ होतं, ‘काश्मिरी साँग’ हे एडवर्डकालीन इंग्रजी दिवाणखान्यातलं गाणं होतं, आणि त्याच्या जोडीला टँगो, वॉल्ट्झ, चित्रपटगीतं. पाश्चात्त्य कानाला ‘पूर्व’ वाटेल अशा सुरावटींची ही माळ.

मराठी कानाला ऑर्गन परका नाही. संगीत नाटकांत पायानं भाता मारायचा ऑर्गन गायकाच्या मागे सूर धरून असे. पण हॅमंड ऑर्गन वेगळा. १९३५च्या सुमारास बाजारात आलेलं हे विजेवरचं वाद्य. त्यात हवा नाही, पत्त्या नाहीत. चुंबकांसमोर फिरणाऱ्या धातूच्या चक्त्यांमधून सूर निघतो. वादकासमोर हातांसाठी पट्ट्यांच्या दोन ओळी, पायाखाली खर्जाच्या पट्ट्या, आणि सुराचा पोत बदलणाऱ्या सरकत्या दांड्या. चर्चमध्ये हे वाद्य संथपणे वाजे. कोर्ला त्यातून ढोलकासारखे आघात काढायचा, एका सुरावरून दुसऱ्यावर रेंगाळत घसरायचा, दांड्या वाजवता-वाजवता बदलायचा. यात भारत नसेल. पण चर्चच्या घरात वाढलेल्या आणि जॅझ ऐकत मोठ्या झालेल्या माणसाची तालीम आहे.

अमेरिकन टीव्हीवर स्वतःचा कार्यक्रम असलेला तो पहिला कृष्णवर्णीय कलाकार होता का?

असं पुष्कळ ठिकाणी लिहिलेलं सापडतं, पण ते बरोबर नाही. पियानोवादक-गायक बॉब हॉवर्ड १९४८ सालीच सीबीएसवर पंधरा मिनिटांचा कार्यक्रम करत होता. १९५० साली हेझल स्कॉट या विलक्षण पियानोवादिकेला ड्यूमाँट नेटवर्कवर स्वतःचा कार्यक्रम मिळाला. त्याच वर्षी कम्युनिस्टांशी संबंध असल्याच्या संशयितांच्या यादीत तिचं नाव आलं, ती संसदीय समितीपुढे जाऊन ठामपणे बोलली, आणि काही दिवसांत कार्यक्रम बंद झाला. नॅट किंग कोलसारख्या देशभर गाजलेल्या गायकाचा एनबीसीवरचा कार्यक्रम १९५६ ते १९५७, जेमतेम वर्षभर चालला, कारण राष्ट्रीय पातळीवरचा एकही प्रायोजक त्याच्यामागे कायम उभा राहिला नाही.

ही तीन नावं कोर्लाच्या शेजारी ठेवून पाहावीत. ते तिघे आपल्या खऱ्या चेहऱ्यानं आले. स्कॉट आणि कोल यांनी त्याची काय किंमत मोजली ते उघड दिसतं. कोर्लानं मोजलेली किंमत पडद्यावर दिसत नाही.

मग तो देशभर प्रसिद्ध का झाला नाही?

लॉस एंजेलिसचा कार्यक्रम न्यूयॉर्कला थेट दिसण्याची सोयच १९५१च्या सप्टेंबरपर्यंत नव्हती. देशभर पोचायचं तर फिल्मवर चित्रित करून ती फिल्म वाहिन्यांना विकायची. लुई स्नेडर हा निर्माता हेच काम करत होता आणि त्यानं कोर्लाचे बरेच लघुपट चित्रित केले. पुढे दोघांत कराराचा वाद झाला आणि कोर्ला बाहेर पडला. १९५२ साली लॉस एंजेलिसच्याच पडद्यावर लिबराची आला, तोही कॅमेऱ्यात थेट पाहून पियानो वाजवणारा, पण हसत-बोलत. तो काही महिन्यांत देशाचा लाडका झाला. कोर्ला १९५०च्या दशकाच्या उत्तरार्धात सॅन फ्रान्सिस्कोच्या केजीओ वाहिनीवर गेला आणि फँटसी रेकॉर्ड्स या कंपनीसाठी त्यानं डझनावर ध्वनिमुद्रिका केल्या. त्यातल्या कित्येक लाल-निळ्या पारदर्शक प्लास्टिकच्या होत्या. आज जुन्या ध्वनिमुद्रिका जमवणारे त्या शोधत फिरतात.

खऱ्या भारतीयांशी त्याचा कधी संबंध आला का?

आला. परमहंस योगानंद लॉस एंजेलिसमध्येच राहत, आणि कोर्लाचा त्यांच्याशी स्नेह होता. मार्च १९५२मध्ये योगानंद गेले तेव्हा त्यांच्या अंत्यविधीत त्याचं वादन झालं. पुढच्या आयुष्यात तो संगीताला वैश्विक भाषा मानून अध्यात्मावर बोलू-लिहू लागला. अनेकांना हा सोंगाचाच पुढचा भाग वाटतो, मला तसं वाटत नाही. तीस-चाळीस वर्षं एखादा माणूस रोज सकाळी उठून तोच राहत असेल, तर त्यातलं काहीतरी मुरतंच.

कुणालाच कधी कळलं नाही?

घरच्यांना सगळं ठाऊक होतं. भाऊ-बहिणी, भाचे-पुतणे, मिसूरीतले शाळासोबती. शिवाय लॉस एंजेलिसमधले अनेक कृष्णवर्णीय वादक त्याला ओळखून होते. कुणीही तोंड उघडलं नाही. एका माणसाला वाट मिळाली आहे, ती आपण का बंद करायची, ही त्यामागची समजूत. मला या गोष्टीतला हा भाग सर्वांत जास्त हलवतो. टीव्हीवर तो गप्प होता हे सगळ्यांनी पाहिलं. त्याच्यासाठी शेकडो मैलांवर किती माणसं गप्प होती, हे कुणी पाहिलं नाही.

ऑक्टोबर १९९८मध्ये कॅलिफोर्नियातल्या पेटालुमा इथं तो गेला. सत्य छापून आलं ते जून २००१मध्ये, ‘लॉस एंजेलिस मॅगझिन’मधल्या आर. जे. स्मिथ यांच्या लेखातून.

भारतीय म्हणून आपल्याला याचा राग यायला नको का?

त्यानं दाखवलेल्या भारताचा राग जरूर यावा. तो डोळ्यांनी भारून टाकणारा, मुका, रत्नजडित भारत खोटा होता, आणि तसल्याच चित्रांनी पुढे खऱ्या भारतीयांना अमेरिकेत माणूस म्हणून ओळख मिळायला उशीर झाला. पण ते चित्र त्यानं बनवलेलं नव्हतं. हॉलिवूडनं आणि जादूच्या खेळांनी ते आधीच टांगून ठेवलं होतं. तो त्याच्यामागे लपला. लपायची वेळ ज्या कायद्यांनी आणली, माझा राग त्यांच्यावर जास्त आहे.

आज त्याचं काय पाहता-ऐकता येतं?

थेट प्रक्षेपणं बरीचशी हवेत विरली. स्नेडरचे लघुपट मात्र टिकले आणि ते इंटरनेटवर सहज सापडतात. १९९०च्या दशकात जुन्या ‘एक्झॉटिका’, म्हणजे दूरदेशीचा भास घडवणाऱ्या संगीताची आवड पुन्हा जागी झाली तेव्हा सत्तरी ओलांडलेला कोर्ला नव्या पिढीसमोर वाजवू लागला. टिम बर्टनच्या १९९४च्या ‘एड वुड’ चित्रपटात तो क्षणभर स्वतःच्याच भूमिकेत दिसतो. २०१४ साली जॉन टर्नर आणि एरिक क्रिस्टेन्सन यांनी ‘कोर्ला’ हा माहितीपट केला. त्यात कुटुंबाचीही बाजू येते.

पहिल्यांदा पाहणार असाल तर ‘मिसिर्लू’पासून सुरुवात करा. पहिल्या खेपेला त्याचे डोळे तुम्हाला दुसरीकडे पाहू देणार नाहीत. दुसऱ्या खेपेला चेहरा हातानं झाका आणि फक्त बोटांकडे पाहा. तिथं जॉन रेड वाजवतो आहे.